अवकल समीकरणांचे पुस्तक कसे पारखावे?

श्रोत्यांनी अशी कल्पना करावी की, पेल्यातील चहा ८० अंश तापलेला असून खोलीचे तापमान ३० अंश आहे. १० मिनिटांनी चहा ५५ अंशांवर आला. आणखी १० मिनिटांनी तो किती राहील? ‘३०’ हे उत्तर पुष्कळांच्या तोंडी चटकन येते. वास्तविक ते साडेबेचाळीस आहे. निवण्याचा वेग त्या त्या क्षणी उरलेल्या फरकाच्या प्रमाणात असतो, असा न्यूटनचा नियम आहे. म्हणून ५० अंशांचा फरक २५ वर आला, की तितक्याच अवधीत तो साडेबारा होतो. राशी आणि तिच्या पालटाचा वेग यांचे नाते मांडणारे समीकरण, तेच अवकल समीकरण. महाविद्यालयात त्याला ‘डिफरन्शियल इक्वेशन’ म्हणतात.

नांदेड जिल्ह्यातील हदगावसारख्या तालुक्याच्या गावी पदवीचा विद्यार्थी बहुधा प्रथम गाइड विकत घेतो. त्यावर परीक्षा निभावतेही. परंतु चहाचे समीकरण मांडावयास सांगितले की लेखणी अडते. यास्तव पुस्तक घेण्यापूर्वी त्यातील प्रथम कोटीच्या रेषीय समीकरणाचे प्रकरण उघडून पाहावे. समीकरणाला ज्या गुणकाने गुणावयाचे, तो गुणक आला कोठून हे तेथे समजावले असेल, तर पुस्तक खुशाल घ्यावे. नुसते सूत्र चौकटीत बसविले असेल, तर ते सरावापुरतेच जाणावे. रायसिंघानियांचा जाडजूड ग्रंथ सोडविलेल्या उदाहरणांसाठी चांगला. विषय कसा उपजला हे सिमन्स यांचे १९७२ चे पुस्तक इतिहासासह सांगते. पुढील अभ्यासासाठी देव, लक्ष्मीकांतम् व राघवेंद्र यांचे पुस्तक आहे. यांपैकी लक्ष्मीकांतम् यांनी १९६० नंतरच्या दशकात तेव्हाच्या औरंगाबादेतील मराठवाडा विद्यापीठात काम केले होते, हे इकडील विद्यार्थ्यांना क्वचितच ठाऊक असते.

पैशाची अडचण असल्यास लेब्ल यांचे ‘नोट्स ऑन डिफी क्यूज’ हे संपूर्ण पुस्तक संगणकावर विनामूल्य मिळते. एमआयटीतील मॅटक यांची २००३ मधील व्याख्याने आणि आपल्या आयआयटींची एनपीटीईएल व्याख्यानेही फुकट आहेत. इंग्रजी कानाला जड गेले, तर व्याख्यान थांबवून पुन्हा ऐकता येते. वर्गात ही सवलत कोठली! मात्र उदाहरण आधी स्वतः सोडवून पाहावे, मगच व्याख्यान लावावे.

शिकविणारा जवळ नसला, तरी पडताळा हाती असतोच. आलेल्या उत्तराचे अवकलन करून ते मूळ समीकरणात घालावे. दोन्ही बाजू जुळल्या, तर पुस्तकाअखेरची उत्तरांची पाने फाटलेली असली तरी काही बिघडत नाही.