गेट उघडतंय, पण बंद होत नाहीये

आजच्या भागाचं हे लिखाण. बोलताना आलेले ‘अं’ आणि ‘म्हणजे’ काढून टाकलेत, बाकी जसं बोललो तसंच आहे.

अमेरिकेत घरोघरी वर सरकणारं गराजचं दार असतं. आपल्या पुण्यात ते क्वचितच दिसतं. आपल्याकडे बंगल्याला, रो-हाऊसला रुळावर चालणारं सरकतं गेट आणि त्याला मोटर. बिघाड मात्र बरेचसे सारखेच. आमच्या गेटचा बिघाड असा: दिवाळीनंतर संध्याकाळी गेट उघडायचं, पण बंद व्हायला तयार नाही. सकाळी एकदम शहाण्यासारखं वागायचं.

मेकॅनिक सकाळी आला, गेट नीट चाललं. तो म्हणाला, “बोर्ड गेलाय, नऊ हजार. तोपर्यंत सेन्सरची वायर शॉर्ट करून देतो, गेट चालेल.” बाबा तयार झाले होते. मी म्हटलं, थांबा. कारण त्याच गेटमधून माझी पाच वर्षांची पुतणी सायकल घेऊन आत-बाहेर करत असते.

हा सेन्सर म्हणजे गेटच्या दोन बाजूंना समोरासमोर लावलेल्या दोन डब्या. एक इन्फ्रारेड किरण सोडते, दुसरी तो पकडते. मधे कोणी आलं की किरण तुटतो आणि बंद होणारं गेट थांबतं किंवा मागे फिरतं. वायर तुटली तरी बोर्ड ‘मधे काहीतरी आहे’ असंच धरतो. शंका आली तर बंद करायचं नाही, हा त्यामागचा हिशोब. बहुतेक गेटांत उघडताना मात्र हा सेन्सर विचारात घेत नाहीत. म्हणून ‘उघडतं पण बंद होत नाही’ असं असेल तर पहिला संशय सेन्सरवर घ्यायचा. अमेरिकेत बंद होणाऱ्या दारांखाली सापडून लहान मुलं दगावली, त्यानंतर १९९३ पासून घरगुती गराजच्या दारांना अशी सुरक्षा कायद्याने सक्तीची झाली. वायर शॉर्ट करणं म्हणजे गेटचे डोळे बांधून त्याला पळायला सांगणं.

तुमचं गेट अडलं तर या क्रमाने बघा:

१. मेन स्विच बंद करा, किल्लीने मोटरचा क्लच सोडवा आणि गेट हाताने ढकला. जड जातंय? मग रुळातली खडी, चिखल, झिजलेली चाकं बघा. मोटरचा दोष नाही.

२. क्लच पुन्हा लावा, लाइट चालू करा. भिंतीवरच्या बटणाने चालतं, रिमोटने नाही? रिमोटचा सेल बदला.

३. मोटर नुसती घुमतेय? क्लच नीट लागलाय का बघा. लागला असेल तर कपॅसिटरचा संशय, पण तिथे हात घालू नका. लाइट बंद केल्यावरही त्यात चार्ज राहतो. इलेक्ट्रिशियनला बोलवा.

४. दर वेळी एकाच जागी थांबतं? तिथे रुळात अडथळा आहे का बघा. नसेल तर लिमिट स्विच तपासून घ्या.

५. फक्त बंद होत नाही? सेन्सरची काच कोरड्या फडक्याने पुसा. कोळ्याची जाळी, मुंग्या, कुंडीची वाढलेली फांदी, धक्क्याने वाकडी झालेली डबी, सगळं बघा.

मी हे सगळं केलं. काच स्वच्छ, डब्या सरळ. मग बिघाडाची वेळ लिहून ठेवायला लागलो. ऑफिसात बग पकडताना तेच करतो ना! चार दिवसांत दिसलं: साधारण पाच ते साडेपाच, तेही ऊन असेल तरच. एका ढगाळ संध्याकाळी गेट बिनतक्रार बंद झालं.

आमची किरण पकडणारी डबी पश्चिमेकडे, जरा नैऋत्येला तोंड करून आहे. हिवाळ्यात सूर्य दक्षिणेकडे झुकतो, तेव्हा मावळतीचं ऊन थेट तिच्या डोळ्यात जातं. उन्हातही इन्फ्रारेड असतंच, त्या भडिमारात समोरचा बारीक किरण हरवतो. पावसाळ्यात ढग आणि उन्हाळ्यात सूर्य वायव्येला, म्हणून तेव्हा त्रास नव्हता.

खात्री करायला संध्याकाळी डबीवर छत्रीची सावली धरून उभा राहिलो. बटण दाबलं, गेट बंद! शेजारचे काका विचारत होते, “काय रे, पाऊस येणारे का?”

शेवटी पीव्हीसी पाइपचा वीतभर तुकडा आतून काळा रंगवला आणि डबीवर टोपीसारखा बसवला. तेवढ्यानेही भागलं नसतं, तर दोन्ही डब्यांची अदलाबदल करून घेणार होतो, म्हणजे पकडणाऱ्या डबीची पाठ उन्हाकडे झाली असती. गरज पडली नाही.

बोर्ड तोच आहे, सेन्सरही जागेवर आहे. आता महिन्यातून एकदा मी गेट बंद होताना किरणाच्या आड एक रिकामं खोकं सरकवतो, स्वतः लांब उभा राहून. गेट थांबलं की बरं वाटतं. तुमच्याकडे सेन्सर असेल तर आज घरी गेल्यावर एवढं एक करून बघा. गेट थांबलं नाही, तर दुरुस्त होईपर्यंत मोटर बंद ठेवा आणि गेट हातानेच लावा.

भेटू पुढच्या भागात!