दहा डॉलरच्या पेटीचे पुढे काय झाले?

वर्गणी भरून दर महिन्याला काहीतरी घरी मागवणे आपल्याला नवे नाही. हे मासिकही तसेच तुमच्या घरी येते. पैसे आधी द्यायचे, अंक नंतर येतो, आणि आत काय आहे ते पाकीट फोडल्यावरच कळते. हाच व्यवहार क्रीम, शाम्पू आणि लिपस्टिकला लावला तर? अमेरिकेत हार्वर्ड बिझनेस स्कूलमध्ये शिकणाऱ्या केटिया बोशाँ आणि हेली बार्ना या दोन मैत्रिणींनी हा विचार केला आणि २०१० साली न्यूयॉर्कमध्ये 'बर्चबॉक्स' नावाची कंपनी काढली. महिन्याला दहा डॉलर भरा, चार-पाच प्रसाधनांचे छोटे नमुने एका सुबक पेटीत घरी येतील, असा साधा सौदा होता.

साधा वाटला तरी त्यामागचा हिशेब हुशारीचा होता. दुकानात काउंटरपलीकडची बाई आग्रह करकरून महागडी बाटली गळ्यात मारते. घरी आणल्यावर ती चेहऱ्याला सोसली नाही तर पैसे पाण्यात. इंटरनेटवर मागवावे तर ना वास घेता येतो, ना रंग हातावर लावून पाहता येतो. इवल्याशा नमुन्याने ही अडचण सुटते. नमुने देणाऱ्या कंपन्यांनाही नवी गिऱ्हाइके हवीच असतात, त्यामुळे त्या नमुने फुकट किंवा नाममात्र दरात द्यायला तयार होत्या. या दोघींनी बड्या प्रसाधन कंपन्यांच्या प्रमुखांना ओळखदेख नसताना थेट ईमेल पाठवले, आधी सुमारे २०० जणींवर प्रयोग करून पाहिला आणि मग दार सगळ्यांसाठी उघडले. ओळख नाही, वशिला नाही म्हणून हातपाय गाळून बसणाऱ्यांनी ही गोष्ट ध्यानात घ्यावी असे आम्हाला वाटते.

वाढ झपाट्याने झाली. २०१२ मध्ये बर्चबॉक्सने फ्रान्समधली अशीच एक कंपनी विकत घेतली. २०१४ मध्ये गुंतवणूकदारांनी ६ कोटी डॉलर ओतले आणि कंपनीची किंमत ४८.५ कोटी डॉलर धरली गेली. त्याच वर्षी न्यूयॉर्कच्या सोहो भागात तिचे दुकानही थाटले गेले. वर्गणीदारांची संख्या लाखोंत होती.

मग घोडे कुठे अडले? दहा डॉलरमध्ये पेटी, बांधणी, टपालखर्च आणि नोकरांचे पगार भागवले की हाती फारसे काही उरत नाही. खरी कमाई व्हायची ती नमुना आवडून बाईने पूर्ण आकाराची बाटली कंपनीच्याच संकेतस्थळावरून मागवली तर. पण बर्चबॉक्सने गिऱ्हाईक म्हणून निवडली होती ती मेकअपचे वेड नसलेली, कामात बुडालेली साधी बाई. विचार चांगला होता, कारण तिच्याकडे कुणी लक्षच देत नव्हते. मात्र जिला मेकअपचे वेड नाही ती मोठी बाटली तरी किती वेळा घेणार? महिन्याकाठी आलेले नमुनेच तिला पुरून उरतात. कपाटाचा खण छोट्या ट्यूबांनी भरला की पहिली कात्री वर्गणीला लागते. गेलेल्या बाईच्या जागी नवी आणायची तर जाहिरातीवर पुन्हा खर्च. शिवाय ही कल्पना उचलायला कुणाला परवाना लागत नव्हता. 'सेफोरा'सारख्या बलाढ्य दुकानसाखळीनेही २०१५ मध्ये दहा डॉलरचीच पेटी काढली.

२०१६ मध्ये बर्चबॉक्सने दोनदा नोकरकपात केली. २०१८ मध्ये एका जुन्याच गुंतवणूकदार संस्थेने सुमारे दीड कोटी डॉलर घालून कंपनीचा ताबा घेतला. २०२१ मध्ये कंपनी विकली गेली ती सुमारे साडेचार कोटी डॉलरना, म्हणजे सात वर्षांपूर्वीच्या किमतीच्या दहाव्या हिश्श्याहूनही कमी भावात. दरम्यान यूट्यूबवर मेकअप शिकवणाऱ्या मिशेल फान यांनी साथीदारांसह २०११ मध्ये सुरू केलेली 'इप्सी' दहा डॉलरच्याच पिशवीवर पुढे निघून गेली. यूट्यूबवरच्या मुलीच तिची जाहिरात करीत, हा मोठाच फायदा होता.

या धंद्याचा मुंबईत झालेला प्रयोग आम्हाला अधिक मोलाचा वाटतो. विनीता सिंग आणि कौशिक मुखर्जी या पती-पत्नींनी २०१२ मध्ये येथे अशीच योजना सुरू केली. ती 'फॅब बॅग' या नावाने ओळखली गेली. टीव्हीवरच्या 'शार्क टँक इंडिया'मुळे विनीता सिंग आज घराघरांत माहीत आहेत, पण प्रसाधनांच्या धंद्यातली त्यांची सुरुवात या पिशव्यांपासून झाली हे अनेकांना ठाऊक नसते. पिशवी मागवणारी प्रत्येक जण आधी माहिती भरून देई. त्वचेचा रंग कोणता, त्वचा तेलकट की कोरडी, केस कसे, आवड काय. हजारो जणींची ही उत्तरे साठत गेली तसे एक चित्र स्पष्ट झाले. आपल्या गव्हाळ-सावळ्या वर्णाला शोभतील, चकाकणार नाहीत आणि घामात, दमट हवेत दिवसभर टिकतील अशा वस्तू मुलींना हव्या होत्या. त्या वाजवी दरात मिळत नव्हत्या.

इथे बर्चबॉक्सची आणि त्यांची वाट वेगळी झाली. दुसऱ्यांचे नमुने वाटत राहण्याऐवजी त्यांनी २०१५ मध्ये स्वतःचा माल बाजारात आणला आणि त्याला 'शुगर' हे नाव दिले. सुरुवात एक काजळ आणि एक आयलायनर एवढ्यावर. लिपस्टिका नंतर आल्या, दुकानेही नंतर. २०२२ मध्ये ५ कोटी डॉलरची गुंतवणूक आली. २०२२-२३ मध्ये उत्पन्न ४०० कोटी रुपयांच्या वर गेले, आणि तोटाही ७० कोटींच्या वर होता. टीव्हीवरचा झगमगाट पाहताना हा दुसरा आकडाही नजरेसमोर असू द्यावा.

आता आपल्या घरातल्या दोन गोष्टी. बंद पेटीत काय येईल हे आपण ठरवत नाही, आणि लाल रंगाच्या प्रसाधनांत कधी कधी कार्माइन असते. हा रंग कोचिनील नावाच्या किड्यांपासून काढतात. लेबलवर तो सी. आय. ७५४७० या क्रमांकानेही लिहिलेला असतो. ज्यांना हलाल-हरामची खातरजमा करायची असते त्यांना इवल्या ट्यूबवर ही बारीक अक्षरे वाचायला भिंगच लागेल. अशा भगिनींनी बंद पेटीपेक्षा घटक वाचून सुटी वस्तू घ्यावी. हलाल प्रमाणपत्र असलेली प्रसाधने भारतातही बनतात. अहमदाबादचा 'इबा' हा २०१४ पासूनचा ब्रँड त्यांपैकी एक.

दुसरी गोष्ट पैशांची. कार्डातून दरमहा आपोआप पैसे कापले जाण्याबाबत रिझर्व्ह बँकेचा नियम ऑक्टोबर २०२१ पासून लागू आहे. पैसे कापण्याच्या किमान २४ तास आधी तुम्हाला सूचना आली पाहिजे आणि तिथेच नकार देण्याची सोय असली पाहिजे. तो मेसेज जाहिरात समजून पुसून टाकू नका.

रमजानच्या दिवसांत मेंदी, अत्तर, साबण अशा वस्तूंच्या भेटपेट्या घरबसल्या विकणाऱ्या मुली आता पुष्कळ आहेत. त्यांना आम्ही एवढेच सुचवू की एक वही ठेवा. कुणी काय घेतले, काय आवडले नाही, कोणता वास नको म्हटले, कुणाला कशाने खाज सुटली, हे तारखेसह लिहीत जा. पुढच्या ईदला पेटीत काय भरायचे ते त्या वहीतून कळेल, आणि यातली एखादी वस्तू स्वतः बनवावी का, तेही.