पाण्याविना बाग

मागच्या बैठकीत आम्ही जपानमधल्या क्योतो शहरातल्या ऱ्योआन-जी मंदिराच्या बागेचा फोटो दाखवला. एक काकू लगेच म्हणाल्या, "झाड नाही, पाणी नाही, नुसते दगड. ही कसली बाग? हे तर आपलं माळरान!" सगळ्या हसलो. पण प्रश्न रास्त होता, म्हणून आज त्याच बागेविषयी बोलू.

अशा बागेला जपानीत कारेसान्सुई म्हणतात, म्हणजे कोरडे डोंगर आणि पाणी. दगड हे डोंगर किंवा बेटं, पांढरी खडी हे पाणी. लाकडी दाताळ्यानं खडीत रेघा ओढल्या की लाटा होतात. ऱ्योआन-जीची बाग साधारण 25 मीटर लांब आणि 10 मीटर रुंद. दगड 15, त्यांचे घोळके 5. ओसरीवर कुठंही बसा, एक तरी दगड दुसऱ्याआड जातोच, असं सांगतात.

मांडायचं कसं? अकराव्या शतकातल्या 'साकुतेइकी' या बागेच्या पुस्तकात सांगितलंय, आधी मुख्य दगड बसवा, मग तो मागेल तसे बाकीचे. दगड नुसता टेकवायचा नाही, पुरायचा. जमिनीतूनच वर आल्यासारखा दिसला पाहिजे. रांग नको, सारखं अंतर नको. खडी बारीक पण कंगोऱ्यांची हवी. गोल गोट्यांत रेघ टिकत नाही, वाळू उडून जाते. आम्ही हौसेनं गटाच्या खोलीपुढं वाळूतच करून पाहिलं. दुपारपर्यंत कोंबड्यांनी सगळा समुद्र उकरला!

पाणी लागत नाही म्हणून काम लागत नाही, असं मात्र समजू नका. पानं वेचायची, गवत उपटायचं, विस्कटलेल्या रेघा पुन्हा ओढायच्या. अंगण राखणाऱ्या बाईला हे वेगळं सांगायला नको.

आता आम्हाला सगळ्यात भावलं ते सांगतो. त्या काळी तिथं कावारामोनो, म्हणजे नदीकाठची माणसं, असा एक समाज होता. कातड्याची कामं करणारा, म्हणून हलका मानलेला. दगड कुठला, कसा बसवायचा, ही जाण त्यांच्यातल्याच अनेकांकडे होती आणि मोठमोठ्यांच्या बागा त्यांनी केल्या. ऱ्योआन-जीच्या एका दगडावर दोन नावं कोरलेली आहेत. ती बाग करणाऱ्या कामगारांचीच असावीत, असं मानतात. पण कोरली आहेत दगडाच्या पाठीवर. ओसरीवर बसून बाग बघणाऱ्याला ती दिसत नाहीत.