संत्र्याच्या गावात भेदराचा ज्यूस

मार्चमधला रविवार. मोर्शीच्या आमच्या घरासमोर मामाची गाडी थांबली आणि त्यानं काही न बोलता चार कॅरेट टमाटे ओसरीत उतरवले. सकाळी बाजारात नेलेले, तसेच परत आणलेले. भाव इतका पडला होता की गाडीभाडं आणि हमालीही निघत नव्हती. ‘वाटून टाका कोनाले पायजे तं,’ एवढंच म्हणाला आणि पाणीही न पिता निघून गेला.

मामाची संत्र्याची बाग अजून लहान आहे. कलमं लावल्यावर धड उत्पन्न सुरू व्हायला पाच-सहा वर्षं जातात. तोवर झाडांच्या दोन ओळींमधल्या जागेत भाजीपाला घ्यायचा आणि त्यावर घर चालवायचं, असं आपल्या वरूड-मोर्शी पट्ट्यात बरेच जण करतात. म्हणजे ओसरीत पडलेला तो लाल ढीग त्याचा पगार होता.

तुम्हाला २०२३ चा जुलै आठवत असेल. देशातल्या काही शहरांत टोमॅटो किलोला २०० रुपयांच्या वर गेला होता. मेसमधल्या कोशिंबिरीतून तो गायब झाला होता आणि आपण सगळे त्यावर मीम फॉरवर्ड करत होतो. त्याच वर्षी सप्टेंबरपर्यंत भाव असे कोसळले की शेतकऱ्यांनी माल रस्त्यावर ओतला. त्या वेळचे मीम मला काही आठवत नाहीत. आले असतील तरी मी फॉरवर्ड केले नसतील.

असो. तर चार कॅरेट. एका कॅरेटात साधारण वीस किलो. शेजारीपाजारी वाटले, आईनं चटणी केली, सार केलं, परत चटणी केली. मी म्हटलं, ज्यूस करू. आजी माझ्याकडे बघत राहिली. ‘संत्र्याचा रस असते व माय. भेदराचं सार असते.’ (वऱ्हाडाबाहेरच्या वाचकांसाठी : भेदरं म्हणजे टोमॅटो. टमाटे म्हटलं तरी चालतं.)

आजीचं म्हणणं बरोबरच होतं. संत्र्याच्या गावात राहून टमाट्याचा रस कोण पिणार? पण गंमत अशी की टोमॅटो ज्यूसचा जन्मच मुळी संत्री संपल्यामुळे झाला, असं सांगतात. साल १९१७. अमेरिकेतल्या इंडियाना राज्यातलं फ्रेंच लिक नावाच्या गावातलं मोठं हॉटेल. एका सकाळी संत्र्याचा रस संपला आणि लुई पेरिन नावाच्या शेफनं टोमॅटो पिळून, त्यात साखर आणि आपला मसाला घालून तो पाहुण्यांपुढे ठेवला. पाहुण्यांना तो आवडला. ही गोष्ट मी आजीला सांगितली. ती म्हणाली, ‘त्याईच्याकडे संत्री नोयती म्हनून.’

आता माझ्या पहिल्या प्रयत्नाची गोष्ट. तुम्हीही हेच करणार आहात, म्हणून सविस्तर सांगते. एक पिशवी भरून टमाटे मी अमरावतीला रूमवर आणले. धुतले, चिरले, मिक्सरमध्ये फिरवले, गाळले, कोल्ड्रिंकच्या रिकाम्या बाटलीत भरले. फोटो काढला, स्टेटसला टाकला. तासाभरानं बघते तर बाटलीत खाली लाल गाळ आणि वर पिवळसर पाणी. हलवलं की एक होतं, ठेवलं की पुन्हा वेगळं. आमच्या रूमवर फ्रिज नाही, त्यामुळे बाटली खिडकीत गेली आणि मी ती विसरले. बुधवारी संध्याकाळी रूममेटनं झाकण फिरवलं आणि लाल फवारा थेट छतापर्यंत गेला. मार्चमधल्या अमरावतीच्या उन्हात रस आंबून बाटलीत गॅस भरला होता. डाग अजून आहे. घरमालकांनी हा लेख वाचू नये अशी इच्छा आहे.

मग मी जरा वाचायला बसले. पाणी वेगळं का होतं, याचं उत्तर एकदम सोपं निघालं. टोमॅटोचा रस दाट राहतो तो त्यातल्या पेक्टिनमुळे. जॅम घट्ट होतो, तो याच पेक्टिनमुळे. पण टोमॅटोतच अशी एन्झाइम्स असतात की फळ चिरलं किंवा ठेचलं की ती लगेच पेक्टिन तोडायला लागतात. आपण एक किलो टमाटे निवांत चिरत बसतो, मोबाइल बघतो, मग मिक्सर लावतो. तेवढ्या वेळात त्यांचं काम झालेलं असतं. ही एन्झाइम्स थांबवायची तर उष्णता लागते आणि ती चिरल्याबरोबर लागते. कारखान्यांतही दाट रसासाठी ठेचलेला टोमॅटो ताबडतोब गरम करतात, त्याला ‘हॉट ब्रेक’ म्हणतात. घरी कारखाना नसला तरी युक्ती तीच चालते.

पुढच्या रविवारी मी घरी गेले तेव्हा एक कॅरेट उरलं होतं. आधी ते निवडलं. आणि इथं मला एक जुनी सवय सोडावी लागली. आपल्याकडे सडका भाग कापून बाकीचा वापरायची पद्धत आहे. भाजीला ठीक असेल, ज्यूस करून ठेवायचा असेल तर नाही. बुरशी लागली की टोमॅटोचा आंबटपणा कमी होतो, आणि तो आंबटपणाच तर आपल्याला हवाय. का, ते पुढे सांगते. तडकलेले, काळे डाग पडलेले, वास येणारे बाजूला काढा. लालबुंद, पिकलेले पण टणक घ्या. एक लिटर रसाला साधारण दीड किलो लागतात. लांबट, जाड सालीचे टमाटे प्रवासाला बरे, त्यांत गर जास्त आणि रस कमी. गोल, आंबटसर गावरान मिळाले तर उत्तम.

स्टीलचं जाड बुडाचं पातेलं घ्या. अॅल्युमिनियमचं किंवा कल्हई उडालेलं पितळी नको, आंबट पदार्थ धातू खातो. गॅस आधी पेटवा, मग चिरायला घ्या. चार-पाच टमाट्यांच्या फोडी करून थेट पातेल्यात टाका, पळीनं किंवा रवीनं दाबून रस सोडवा आणि मोठ्या आचेवर उकळी आणा. पाणी घालायचं नाही. टोमॅटोत ९४-९५ टक्के पाणीच असतं. उकळी आली की पुढचे चार-पाच चिरा आणि त्या उकळत्या रसात टाका, दाबा. मग पुढचे. उकळी बंद पडू द्यायची नाही, एवढंच सांभाळायचं. एक जण चिरतोय आणि एक जण ढवळतोय असं असेल तर काम सोपं होतं. आमच्याकडे चिरायला आजी होती, तोंडानं बडबड चालू आणि हातानं सुरी. सगळे टमाटे आत गेले की आणखी पाच मिनिटं उकळवा.

आता गाळणं. यासाठी परदेशात खास उपकरण मिळतं, पण आपल्याकडे ते घरोघरी आहे आणि होळी-पोळ्याखेरीज कपाटाबाहेर येत नाही. पुरणयंत्र! सगळ्यात बारीक जाळी लावा, गरम लगदा टाका आणि फिरवा. साल वर राहते, गर खाली येतो. बिया खाली आल्याच तर पिठाच्या चाळणीतून एकदा काढा. साली-बिया आईनं थालीपिठाच्या पिठात ढकलल्या, कुणाला कळलंही नाही.

मीठ चवीपुरतं, भाजलेल्या जिऱ्याची पूड, मिरी. साखर मी घातली नाही, तुम्ही चिमूटभर घाला हवी तर. एक थेंब तेल किंवा तूप घालण्याचा सल्ला विचित्र वाटेल, पण टोमॅटोला लाल रंग देणारं लायकोपीन स्निग्ध पदार्थात विरघळतं आणि शिजवलेल्या टोमॅटोतलं ते शरीराला कच्च्यापेक्षा जास्त मिळतं. उकळल्यानं सी जीवनसत्त्व मात्र थोडं जातं. दोन्ही खरं आहे. ‘चमत्कारी ज्यूस’वाल्या रील्स फक्त पहिलं सांगतात.

माझा ज्यूस या वेळी फुटला नाही. ग्लासात तासभर ठेवून बघितला, दाटच.

आता ठेवण्याबद्दल, आणि हे कृपा करून वगळू नका. फ्रिजमध्ये दोन-तीन दिवस, बस्स. जास्त ठेवायचा तर फ्रीझरमध्ये, डबा वरपर्यंत न भरता, कारण गोठला की फुगतो. पण ‘उकळलाय ना, मग बाटलीत गच्च बंद करून फळीवर ठेवू’ हे करू नका. माती-भाज्यांवर सापडणारा क्लॉस्ट्रिडियम बोट्युलिनम नावाचा एक जिवाणू आहे. त्याचे बीजाणू साध्या उकळीनं मरत नाहीत. हवाबंद जागा, खोलीचं तापमान आणि कमी आंबटपणा मिळाला की तो वाढतो आणि विष तयार करतो. त्या विषाला वास किंवा चव असेलच असं नाही. त्याला रोखणारी रेषा म्हणजे ४.६ पीएच. त्याच्या खाली, म्हणजे जास्त आंबट असेल तर तो वाढत नाही. आणि टोमॅटो नेमका या रेषेच्या अल्याडपल्याड असतो, कधी खाली, कधी वर. जिभेवर ते कळत नाही. म्हणूनच बाटल्या भरून टिकवणारे लिटरमागे साधारण अर्धा चमचा सायट्रिक अॅसिड, म्हणजे किराणा दुकानातलं लिंबूफूल, घालतात आणि वर भरलेल्या बाटल्या ठरलेला वेळ उकळत्या पाण्यात ठेवतात. ते नीट शिकून करायचं काम आहे. विकायचा विचार असेल तर अन्न सुरक्षा प्राधिकरणाची नोंदणीही लागते. माझ्या खिडकीतल्या बाटलीनं निदान फवारा उडवून सांगितलं की मी खराब झालेय. ही जात सांगत नाही.

तुम्ही म्हणाल, मग संत्र्याचाच रस का नाही साठवत मोर्शीकर? कारण तो कडू होतो. नागपुरी संत्रं पिळून लगेच प्या, अमृत. काही तास ठेवा किंवा तापवा, की कडसर. फळात असताना कडू नसलेला एक घटक रसातल्या आम्लामुळे हळूहळू लिमोनिनमध्ये बदलतो, आणि लिमोनिन कडू. संत्र्यावर प्रक्रिया करायची म्हटली की ही अडचण आडवी येते. टमाट्याला उकळा, गोठवा, तो कडू होत नाही. ‘नोगा’चं केचप तुम्ही खाल्लं असेल. हे नाव ‘नागपूर ऑरेंज ग्रोअर्स असोसिएशन’च्या इंग्रजी आद्याक्षरांवरून आलंय आणि आज हा ब्रँड राज्याच्या कृषी उद्योग विकास महामंडळाकडे आहे. संत्रावाल्यांच्या नावाची बाटली आणि आत टमाटे! आजीला हे सांगितल्यावर ती पहिल्यांदा गप्प बसली.

चवीबद्दल खरं सांगायचं तर पहिला घोट सगळ्यांना आवडेलच असं नाही. माझ्या भावानं ‘थंड सार’ म्हणून ग्लास खाली ठेवला. विमानात मात्र लोक हा ज्यूस हौसेनं मागतात. लुफ्तान्सा कंपनीच्या हे लक्षात आलं तेव्हा तिनं जर्मनीतल्या फ्राउनहोफर संस्थेकडून त्याचा अभ्यास करून घेतला. कमी हवेच्या दाबात गोड-खारट चवी मंद होतात आणि टोमॅटो जास्त चांगला लागतो, असं दिसलं. पुढे २०१५ मध्ये कॉर्नेल विद्यापीठातल्या संशोधकांनी दाखवलं की इंजिनासारख्या मोठ्या आवाजात गोड चव दबते आणि टोमॅटोतली ती मांसल, ‘उमामी’ चव उठून येते. मी विमानात बसलेली नाही. पण मोर्शी-अमरावती एसटीच्या मागच्या सीटवर बसून प्यायले, आवाज तेवढाच होता, आणि ज्यूस खरंच बरा लागला.

संध्याकाळी मामा आला. मी ग्लास पुढे केला. त्यानं हुंगून बघितलं, एक घोट घेतला, थांबला, मग सगळा संपवला. ‘हे मायाच टमाट्याचं हाय?’

‘हो.’

‘एका कॅरेटात किती लिटर होते?’

‘बारा-तेरा.’

तो बराच वेळ ओसरीतल्या रिकाम्या कॅरेटांकडे बघत होता. मनात काहीतरी हिशोब चालला होता. मग आईकडे वळून म्हणाला, ‘ताई, तुमचा फ्रिज किती लिटरचा हाय व?’