नाथसागराच्या काठची अदृश्य रेषा

शेवगाव तालुक्याच्या उत्तरेस, जेथे गोदावरीचे पात्र नाथसागराच्या विस्तीर्ण जलाशयात लुप्त होते, तेथे हिवाळ्यातील प्रातःकाळी उभे राहणाऱ्यास पाणी दिसते, पाण्यावर उतरलेले रोहित आणि चक्रवाक दिसतात. परंतु त्या काठाकाठाने सरकारने ओढलेली जी एक रेषा आहे ती दिसत नाही, आणि दिसत नाही म्हणूनच तिच्यापायी तंटे उद्भवतात. १९६५ साली लालबहादुर शास्त्री यांच्या हस्ते, ज्याच्या धरणाने हा जलाशय झाला त्या जायकवाडी प्रकल्पाची पायाभरणी झाली, १९७६ साली धरणाचे उद्‌घाटन झाले, शंभराच्या आसपास गावांना झळ पोचली. आणि पुढे दहा वर्षांनी, १९८६ साली, ज्या भूमीवरून माणसे उठविली तिच्यावरचेच पाणी, सुमारे ३४१ चौरस किलोमीटर, पक्ष्यांचे अभयारण्य म्हणून घोषित झाले. विस्थापितांच्या नातवंडांना हा क्रम काहीसा विचित्र वाटला, तर त्यांना दोष देववत नाही.

जुलै २०१७ मध्ये केंद्र सरकारने या अभयारण्याभोवती पर्यावरण-संवेदनशील क्षेत्राची अधिसूचना काढली. अशा पट्ट्यात सगळेच निषिद्ध असते, हा समज चुकीचा आहे. साधारणतः अशा अधिसूचनेत तीन याद्या असतात: खाणी आणि प्रदूषणकारी उद्योग यांना संपूर्ण मनाई, हॉटेले, विश्रामगृहे व अन्य व्यापारी बांधकामे यांवर कडक निर्बंध, मात्र स्थानिक रहिवाशाला स्वतःच्या वापरापुरते घर बांधण्याची मुभा, आणि ज्यांना उत्तेजन द्यावयाचे अशा गोष्टींची तिसरी यादी, जी बहुधा कोणी वाचतच नाही.

आता न्यायालयाकडे वळू. ३ जून २०२२ रोजी, गोदावर्मन यांच्या १९९५ पासून चालत आलेल्या सुप्रसिद्ध वनसंरक्षण याचिकेत, सर्वोच्च न्यायालयाने प्रत्येक अभयारण्याभोवती किमान एक किलोमीटरचा पट्टा असलाच पाहिजे आणि त्यात कोणत्याही कारणासाठी नवे कायम बांधकाम होता कामा नये, असा आदेश दिला. परंतु देशात ज्या गावांची गावेच अशा पट्ट्यात वसलेली आहेत, तेथे शाळेची एक खोलीही उभारता येईना, आणि अवघ्या अकरा महिन्यांच्या आत, २६ एप्रिल २०२३ रोजी, जेथे अधिसूचना वा तिचा मसुदा निघालेला आहे तेथे तोच प्रमाण, अशी दुरुस्ती न्यायालयास करावी लागली. एक किलोमीटरच्या आत खाणींना असलेली मनाई मात्र कायम राहिली. थोडक्यात, स्वतः रेषा ओढून पाहिल्यावर न्यायालय पुन्हा दुसऱ्याने ओढलेली रेषा वाचण्याच्या कामाकडे वळले.

ते वाचन किती अक्षरशः होते, याचा प्रत्यय नाथसागराच्याच प्रकरणात आला. जलाशयावर तरंगता सौरऊर्जा प्रकल्प उभारण्याच्या योजनेविरुद्ध कहार समाजाच्या पंच समितीने पुण्यातील राष्ट्रीय हरित न्यायाधिकरणाकडे दाद मागितली. जलचरांचे काय होणार, हा त्यांचा प्रश्न मुळीच क्षुल्लक नव्हता. परंतु केंद्रीय मंत्रालयाने अधिसूचनेतील ती न वाचलेली तिसरी यादी पुढे केली, जिच्यात अपारंपरिक ऊर्जेला उत्तेजन द्यावे असेच लिहिलेले होते. सप्टेंबर २०२४ मध्ये अर्ज फेटाळला गेला, आणि फेब्रुवारी २०२५ मध्ये सर्वोच्च न्यायालयानेही हस्तक्षेप नाकारला.

मला वाटते, अशा दाव्यांचा निर्णय दिल्लीत लागतच नाही. तो मसुदा राजपत्रात प्रसिद्ध झाल्यानंतरच्या साठ दिवसांत लागलेला असतो, कारण हरकती नोंदविण्याची मुदत तेवढीच असते. राजपत्र किती गावांच्या चावडीवर वाचले जाते, हे वाचकांनी आपापल्या गावी विचारून पाहावे! न्यायाधिकरणाकडे मूळ अर्ज करण्यासही कारण घडल्यापासून सहा महिन्यांचीच मुदत आहे, आणि सबळ कारण दाखविल्यास साठ दिवसांची सवलत.

निकाल अनुकूल लागला तरी अंमलबजावणी उरतेच. अलिबागजवळ किहीमच्या किनाऱ्यावरील हिरे व्यापारी नीरव मोदी यांचा बंगला सागरी किनारा नियमनाचा भंग करून उभा असल्याची तक्रार २००९ पासून मुंबई उच्च न्यायालयात होती. तो सुरुंग लावून प्रत्यक्ष पाडला गेला ८ मार्च २०१९ रोजी, आणि तोही जिल्हाधिकाऱ्यांच्या हातून, कारण न्यायालयाकडे हुकूम असतो, पहार नसते. शिवाय १ एप्रिल २०२४ पासून पर्यावरण संरक्षण कायद्याच्या सर्वसाधारण भंगासाठी असलेली कैदेची शिक्षा जाऊन केवळ दहा हजार ते पंधरा लाख रुपयांचा दंड आला आहे; ज्याला तळ्याकाठी विश्रामगृह बांधावयाचे आहे तो ही रक्कम खर्चाच्या अंदाजपत्रकात धरू शकेल, ही भीती अनाठायी नाही.

म्हणून नाथसागराच्या काठी जमीन घेणाऱ्याने बिगरशेती परवान्याच्या आशेवर इसार देण्यापूर्वी गट नंबर अधिसूचनेतील नकाशाशी ताडून पाहावा, आणि सातबाऱ्यावरील इतर हक्कांचा रकाना कोरा आहे एवढ्यावरून निश्चिंत होऊ नये. पाणी कुठवर आहे यावरून तर हद्द मुळीच ठरवू नये. उन्हाळ्यात जलाशय मागे सरतो, उघड्या पडलेल्या गाळपेराच्या जमिनीत पेरा होतो, आणि पाऊस पडून वरून आवक सुरू झाली की तेच शेत पुन्हा पाण्याखाली जाते. रेषा मात्र कागदावर आहे तेथेच असते.