मुलगी होती, हे सिद्ध करा

हैदराबादेत घडणारा ‘क्षणम्’ हा तेलुगू चित्रपट २०१६च्या फेब्रुवारीत आला. त्यातल्या श्वेताच्या लहान मुलीला भरदिवसा पळवून नेतात. त्याच झटापटीत जबर मार बसून श्वेता कोमात जाते. ती शुद्धीवर येते तोवर पोलिसांनी तपास गुंडाळलेला असतो. नवरा सांगतो, आम्हाला मूल झालेलंच नाही, हा सगळा हिच्या मनाचा खेळ आहे. शेवटी ती अमेरिकेतल्या जुन्या प्रियकराला, ऋषीला, साकडं घालते. तो येतो, दारोदार विचारत फिरतो, आणि हळूहळू त्याचाही तिच्यावरचा विश्वास डळमळू लागतो. रविकांत पेरेपु यांचा हा पहिलाच चित्रपट. अदा शर्मा श्वेता आहे आणि अडिवी शेष ऋषी. ज्यांनी तो पाहिला नाही त्यांच्यासाठी शेवट इथे फोडत नाही.

हैदराबादमधल्या आमच्या जामबागेत हा चित्रपट जरा जास्तच अंगावर येतो. १९०७ साली सुरू झालेली विवेकवर्धिनी शाळा इथलीच. शाळा सुटली की रस्त्यावर रिक्षा, दप्तरं आणि न्यायला आलेले आजी-आजोबा यांची एकच गर्दी उसळते. त्या गर्दीत मिनिटभर आपलं पोर दिसलं नाही तर पोटात गोळा येतो. आणि त्या क्षणी कोणी विचारलं, ‘कुठली मुलगी? तुम्ही तर एकटेच आला होता,’ तर?

सिनेमात हा प्रश्न जुना आहे. ऑटो प्रेमिंजर यांच्या ‘बनी लेक इज मिसिंग’मध्ये (१९६५) नुकतीच लंडनला आलेली तरुण आई मुलीला पहिल्याच दिवशी शाळेत सोडते आणि न्यायला जाते तेव्हा तिथे कोणीच त्या मुलीला पाहिलेलं नसतं. लॉरेन्स ऑलिव्हिएचा पोलीस अधिकारी शांतपणे विचार करू लागतो, की मुलगी खरोखर आहे का? त्यातला एक प्रसंग मला फार मोठा वाटतो. मुलीची बाहुली दुरुस्तीला टाकलेली असते. आई दुरुस्तीची पावती घेऊन रात्री एकटी त्या दुकानात जाते. मुलगी होती याची तिच्याकडे उरलेली खूण म्हणजे ती बाहुली.

‘क्षणम्’ हिंदीत ‘बागी २’ (२०१८) झाला. कथा गोव्यात गेली, ऋषीचा लष्करी कमांडो झाला आणि शेवटी शेवटी तर गोळ्यांचा पाऊसच पडला. चित्रपट तुफान चालला, पण आईचा शब्द खरा मानायचा की नाही हा काटा त्यात बोथट झाला.

अनुराग कश्यप यांचा ‘अग्ली’ मात्र पोलीस ठाण्याच्या आत नेतो. मुंबईत गाडीत बसवलेली दहा वर्षांची कली नाहीशी होते. बाप आणि त्याचा मित्र तक्रार द्यायला जातात. गिरीश कुलकर्णींचा इन्स्पेक्टर जाधव मुलीचं सोडून, फोन आला की स्क्रीनवर फोटो कसा दिसतो याचीच उलटतपासणी करत बसतो. प्रसंग लांबत जातो. हसू येतं आणि लगेच स्वतःचीच लाज वाटते, कारण तिकडे पोर कुणाच्या हाती आहे कोण जाणे.

‘अग्ली’ मे २०१३ मध्ये कान महोत्सवात दाखवला गेला. त्याच महिन्यात, १० मे रोजी, ‘बचपन बचाओ आंदोलन’च्या याचिकेवर सर्वोच्च न्यायालयाने आदेश दिला, की मूल हरवल्याची तक्रार आली की गुन्हा नोंदवायचा, आणि तपासात वेगळं काही निघत नाही तोवर ते पळवलं गेलं किंवा तस्करीत सापडलं असंच गृहीत धरायचं. त्याआधी नुसती ‘मिसिंग’ची नोंद करून, ‘येईल दोन दिवसांत, नातेवाइकांकडे बघा,’ म्हणत आईबापांची बोळवण व्हायची. नोएडाच्या निठारीत मुलं हरवल्याच्या गरीब आईबापांच्या तक्रारी अशाच वाऱ्यावर गेल्या होत्या. २००६च्या अखेरीस सांगाडे सापडले तेव्हा देश हादरला. आईचा शब्द आधी खरा धरा, हे या आदेशाचं मर्म मला वाटतं. पडद्यावरची श्वेता तेवढंच मागत असते.

चित्रपट पालकाच्या बाजूने शोध घेतो. प्रत्यक्षात पुष्कळदा मूल सापडलेलं असतं आणि हरवलेले असतात ते आईबाप. हैदराबादच्या काचीगुडा स्थानकातून नांदेड, परभणी, मनमाडकडे गाड्या जातात. चुकून गाडीत बसलेलं, धड बोलता न येणारं पोर दुसऱ्याच राज्यात उतरलं, तर बालगृहात त्याची नोंद नव्याच नावाने होऊ शकते. ही दोन टोकं जुळावीत म्हणून तेलंगणा पोलिसांनी २०१८ मध्ये ‘दर्पण’ हे चेहरा ओळखणारं साधन आणलं. बालगृहांतल्या मुलांचे फोटो ते देशभरातल्या बेपत्ता मुलांच्या फोटोंशी ताडून पाहतं. २०१५ मध्ये प्रयागराज जिल्ह्यातून हरवलेला एक मुलगा आसामात गोलपाड्याच्या बालगृहात होता. २०२० मध्ये ‘दर्पण’ने त्याचा चेहरा जुळवला आणि पाच वर्षांनी तो आईबापांना भेटला.

ती पाच वर्षं कशी जातात? अमेरिकी संशोधक पॉलिन बॉस यांनी अशा दुःखाचा आयुष्यभर अभ्यास केला. माणूस गेला म्हणावं तर खात्री नाही, आहे म्हणावं तर समोर नाही. त्यामुळे शोकही पुरता करता येत नाही. दाराची कडी वाजली की जीव उडतो. भोवतालचे लोक ‘आता विसरा’ म्हणू लागतात, आणि त्यांना आईबापांचं वाट पाहणं वेड वाटू लागतं. श्वेताला वेडी ठरवणं इतकं सोपं जातं ते म्हणूनच.

म्हणून आईबापांना एवढं ठाऊक असावं: चोवीस तास थांबायचा नियम कुठेही नाही, हद्द कुणाचीही असली तरी ठाण्याला तक्रार घ्यावीच लागते, एफआयआरची प्रत फुकट मिळते, आणि चार महिन्यांत मूल सापडलं नाही तर तपास मानवी तस्करीविरोधी पथकाकडे जायला हवा. १०९८ ही मुलांसाठीची हेल्पलाइन १९९६ साली मुंबईत सुरू झाली. आज हा नंबर देशभर, दिवसरात्र लागतो.