मैत्रीण, वहिनी आणि दाजी

मराठीत ‘-ईण’ हा प्रत्यय व्यवसायवाचक वा पदवाचक नामाला लागला म्हणजे तो बहुधा पत्नीचा बोध करून देतो : पाटील–पाटलीण, कुंभार–कुंभारीण. ‘मैत्रीण’ मात्र मित्राची पत्नी नव्हे. तिच्यासाठी भाषेने ‘वहिनी’ हा नात्यातला शब्द योजला आहे. विवाहानंतर मैत्रीचे काय होते, याचा विचार करताना हा भेद मार्गदर्शक ठरतो.

पुरुषाचा विवाह झाला की त्याचा मित्र वधूला ‘वहिनी’ आणि ती त्याला ‘भावजी’ म्हणू लागते. हे मानलेले नाते असल्याने परका पुरुष दिराच्या हक्काने माजघरापर्यंत येऊ शकतो. मैत्रीतला वेळ कमी होतो, पण घर तेच, गावही तेच राहते.

स्त्रीच्या बाबतीतही शब्दांची उणीव नाही. मैत्रिणीचा नवरा ‘दाजी’ होतो. मेव्हणीचा थट्टेचा अधिकारही त्यामागोमाग येतो. परंतु विवाहाने गाव बदलते ते स्त्रीचे. इरावती कर्वे यांनी भारतीय नातेसंघटनेवरील आपल्या ग्रंथात (1953) महाराष्ट्राची गणना मध्य विभागात केली. येथील अनेक जातींत मामाच्या मुलीशी विवाह संमत आहे. अशा विवाहात मुलीची आत्याच सासू होते. म्हणजे रक्ताचे नाते वधूच्या आधीच सासरी पोचलेले असते. मैत्रिणीला तशी वाट नाही.

अहिल्यानगर (पूर्वीचा अहमदनगर) जिल्ह्यात पाथर्डीसारख्या अवर्षणग्रस्त तालुक्यांतून ऊसतोडीसाठी बाहेर पडणाऱ्या कुटुंबांत ही ताटातूट अधिक तीव्र होते. तेथे ‘कोयता’ म्हणजे हत्यार तर खरेच, पण नवरा-बायकोची जोडीही. उचल ठरते ती कोयत्यामागे. एकटा मजूर ‘अर्धा कोयता’. कालपर्यंत कोणाची तरी मैत्रीण असलेली मुलगी लग्न होताच हिशेबाच्या वहीत एका कोयत्याचा अर्धा भाग होते आणि दिवाळीच्या सुमारास फडावर जाते. शब्दाचा इतका निष्ठुर अर्थविस्तार मराठीत क्वचितच आढळेल.

मागे राहिलेल्या मैत्रिणीची आठवण जपली ती जात्यावरच्या ओव्यांनी. हेमा राईरकर व गी पॉत्व्हँ यांच्या पुढाकाराने एक लाखाहून अधिक ओव्या संकलित झाल्या. ओवीतील ‘शेजी’, ‘गडणी’, ‘मैतरीण’ ही संबोधने केवळ वृत्तपूर्तीसाठी आलेली नाहीत. माहेरी जात्याच्या खुंट्याला जिचा दुसरा हात असे, तिच्या जागी सासरी जाऊ वा नणंद बसते. गाणारीची हाक मात्र पुष्कळदा जुन्याच मैत्रिणीला असते. गिरण्या आल्या आणि ही हाक घालण्याची जागाही गेली.

उरली ती नागपंचमी. श्रावणात ऊसतोडीचा हंगाम नसतो आणि माहेरवाशिणी गावी येतात. झोक्याशी दोघींची गाठ पडते, तेव्हा एकीच्या कडेवर मूल असते. त्या मुलाला दुसरीची ओळख ‘मावशी’ अशीच करून दिली जाते.